साडीची जाहिरात आणि गणिताचे सर

काचीगुडा, हैदराबाद
डिसेंबर १९९५

ती. तारामती आत्यांना,

रेणूचा वाकून नमस्कार. तुमचे गुडघे कसे आहेत? नांदेडला थंडी पडली असेल, तेव्हा सकाळी अनवाणी फिरू नका. इकडे आई बरी आहे, बाबाही बरे आहेत (म्हणजे मला पाहिलं की उसासा टाकतात, पण जेवतात व्यवस्थित).

मी कम्प्युटर क्लासला नाव घातलं नाही, हे बाबांनी कळवलंच असेल. नाहीच घातलं. मी कॅमेरामन हेमंतरावांची असिस्टंट आहे. गेल्या आठवड्यात ते काविळीने आडवे झाले आणि दिलसुखनगरच्या हिम्मतरावांच्या साडीच्या दुकानाची जाहिरात अडकली. निर्माते भगवंतराव म्हणाले, मद्रासहून माणूस बोलावतो. मी म्हटलं, माणूस कशाला, मी आहे. (शेवटी ठरलं, तो माणूस येईपर्यंत मी सुरुवात करायची.)

दुकानात सगळ्या ट्यूबलाइट. तो उजेड फिल्मवर हिरवट उतरतो, जांभळा शालू शेवाळल्यासारखा दिसतो. म्हणून मी त्या बंद करायला लावल्या. हिम्मतराव ओरडले, "अंधारात साड्या विकल्या तर लोकं चोर म्हणतील की मला! नक्को अम्मा, नक्को!" मग आमचे मोठे दिवे लावले, तर आख्ख्या ओळीतल्या दुकानांची वीज गेली आणि शेजारचा मिठाईवाला हातातल्या झाऱ्यासकट आत आला. शेवटी सगळं गच्चीवर नेलं. तिथे वाऱ्याने शालू उचलला आणि समोरच्या कोचिंग क्लासच्या खिडकीतून थेट फळ्यावर नेऊन टाकला. गणिताचे सर तो शालू खांद्यावर टाकून तावातावाने भांडायला आले. ऊन उतरत चाललेलं, आत्या, भांडायला वेळ कुणाला होता? मी शालू काढून घेतला, त्यांच्या हातात थर्माकोलचा मोठा पांढरा तुकडा दिला आणि म्हटलं, सर, याच्यावरून ऊन त्या मॉडेल बाईंच्या तोंडावर पडलं पाहिजे, हलू नका. सूर्य मावळेपर्यंत ते हलले नाहीत. जाताना तेलुगूत काहीतरी पुटपुटले (मी ते कौतुक समजले).

काल रीळ धुऊन आलं. भगवंतरावांनी दोनदा पाहिलं आणि मद्रासच्या माणसाला येऊ नका म्हणून कळवलं, बस्स. मी बाथरूममध्ये जाऊन रडले, तोंड धुतलं आणि पुढचं काम कोणतं ते विचारलं.

तुमची,
रेणू

ता. क. जाहिरात रविवारपासून केबलवर लागणार. आपल्याकडे केबल नाही. बाबांच्या मते केबलने घर बिघडतं. तेव्हा तुम्ही शुक्रवारच्या गाडीने या आणि मालिका पाहिल्याशिवाय घास उतरत नाही म्हणून हटून बसा. थोरल्या बहिणीपुढे बाबांचं काही चालत नाही.

आणखी एक. स्टेशनवर बाबा येतील, मी नसेन. हिम्मतरावांच्या मेहुण्याच्या स्टीलच्या भांड्यांची जाहिरात मला मिळाली आहे. दुकान पाहून आले. कॅमेरा कुठेही लावा, प्रत्येक हंड्यात मीच दिसते.