मंदाचा दुसरा पासपोर्ट

१४ जानेवारी १९८०

सुखरामचं पत्र आलं. अक्षर त्याचं नाही, कोणाकडून तरी लिहून घेतलंय. खाणीत दगड कोसळला. डावा पाय गुडघ्याखाली कापावा लागला. ऑक्टोबरमध्ये! आणि आम्हाला आज कळतंय. कंपनीच्या खोलीत एकटाच पडून असतो. शेवटची ओळ — 'दादा, मंदाले पाठवून दे. मले दुसरं कोन आहे?'

लहान भाऊ माझा. डोळ्यांत पाणी यायला पाहिजे होतं. आधी राग आला. बारा-तेरा वर्षांनी असा मागतोय, जशी काही ठेवायला दिलेली पेटी!

गोदावरीला पत्र वाचून दाखवलं. शेवटची ओळ गाळून.

१५ जानेवारी

मंदाने आज माझा कोट धुवायला काढला. पत्र खिशातच होतं. संपलं!

जेवताना म्हणाली, "मी जाईन, बाबा." मी भात कालवत राहिलो. गोदावरी माझ्याकडे बघत होती, मी काहीतरी बोलावं म्हणून.

१७ जानेवारी

जुन्या वह्या वाळवीने खाल्ल्या, म्हणून एकदा परत लिहून ठेवतो. नाहीतर पुढे मलाच वाटायचं की सगळं मनाने रचलंय.

सुखराम आधी इकडेच मँगनीजच्या खाणीत होता. तिथून आफ्रिकेत गेला, झांबियाला, तांब्याच्या खाणीत. पासष्ट साली बायकोला आणि चार वर्षांच्या मंदाला बोलावून घेतलं. दोन वर्षांत बायको तापाने गेली. सदुसष्टच्या मे महिन्यात पोरीला आमच्या ओसरीवर उतरवलं आणि आठ दिवसांत परत. त्यानंतर एकदाच आला.

आम्हाला मूलबाळ नव्हतं. मग होतं.

एवढंच आहे. लिहायला बसलं की किती थोडं भरतं!

२ फेब्रुवारी

नव्या अर्जासोबत जुना पासपोर्ट द्यावा लागतो. गोदावरीच्या ट्रंकेत तळाशी होता, मंदाच्या आईच्या लुगड्यात गुंडाळलेला. उघडला. फोटोत दोन शेंड्या, भेदरलेले डोळे, आणि कडेला लुगड्याचा पदर — धरून ठेवणारीचा. खाली शाईने: कुमारी मंदा सुखराम गभने. पालकाची सही — सुखरामची, वाकडीतिकडी.

मंदा किती वेळ तो पदरच बघत होती.

११ फेब्रुवारी

फॉर्म भरला. मंदा भरत होती, मी शेजारी चष्मा लावून. पानं उलटसुलट केली, पालकाच्या सहीची जागा सापडेना. पहिलीपासून मॅट्रिकपर्यंत तिच्या प्रत्येक प्रगतिपुस्तकावर माझी सही आहे. विचारलं, "कुठं करू?"

"तुमची नाही लागत बाबा आता. मी सज्ञान झाली न."

पेनाला टोपण लावलं.

वडिलांच्या नावाच्या रकान्यापाशी तिचा हात थांबला. "जुन्यात हाये तेच लिहा लागते," म्हणाली. लिही म्हटलं. मग शाळा सोडल्याचा दाखला जोडला. त्यात काय आहे ते मला माहीत होतं, तिलाही. वाटलं, एवढ्या कागदांत कोण बघतंय!

आंधळगावच्या पोस्टातून रजिस्टर केलं.

३ मार्च

थकवा. पाचवीचे पेपर तपासायचे पडलेत.

२६ मार्च

बघितलं त्यांनी. पत्र आलं. जुन्या पासपोर्टात वडिलांचं नाव सुखराम, शाळेच्या दाखल्यात पुंडलिक. खुलासा करावा. दाखल्यात ज्यांचं नाव आहे त्यांचं प्रतिज्ञापत्र जोडावं.

म्हणजे मी. मी शपथेवर सांगायचं की ही माझी मुलगी नाही.

२ एप्रिल

भंडाऱ्याला कचेरीत. ऊन असं की डांबर चपलेला चिकटत होतं. कडुनिंबाखाली ताराचंद अर्जनवीस टाईपरायटर मांडून बसतो. माझाच विद्यार्थी, चौथीला दोनदा बसलेला. आता त्याच्यापुढे मी बाकावर.

"गुरुजी, कायले घोर करून राहिले? दोन ओळीचं काम हाये." आणि टाईप करत मोठ्याने वाचत गेला — 'सदर मुलगी ही माझी मुलगी नसून माझे लहान भावाची मुलगी आहे. मी तिचा चुलता आहे. शाळेत माझे नाव लागले ते...' इथे थांबला. "काहून लागलं गुरुजी?"

मी चष्मा काढून पुसायला लागलो.

"तवाचे हेडमास्तर कोन होते?"

"मारोतराव."

"ते त गेले न? मंग लिवतो — हेडमास्तरचे हातून अनवधानाने. मेल्या मानसाले कोन पुसते?"

मी हो म्हटलं! वर सही केली. तहसीलदाराने मान वर न करता शिक्का मारला. एका शिक्क्यात झालं.

परतीच्या एस.टी.त मंदा खिडकीशी बसली होती. मोहाडी आली. मग म्हणाली, "रसवंतीवर थांबाले पायजे होतं. तुमचं तोंड सुकून गेलं."

३ एप्रिल

मारोतरावांची काही चूक नव्हती. त्यांचं अक्षर किडामुंगीसारखं, म्हणून दाखलखारीज रजिस्टर मीच लिहायचो. सदुसष्टचा जून. शाळेचा पहिला दिवस. पोरांची रांग. मंदाची पाळी आली तेव्हा ती माझ्या धोतराचा सोगा धरून होती. नाव — मंदा. वडिलांचं नाव — तिथे माझा हात थांबला नाही. हेच तर! क्षणभरही थांबला नाही. वळणदार अक्षरात लिहिलं, पुंडलिक. वाळूने टिपलं.

चूक कसली? मला पाहिजे होतं. सुखराम हजारो मैल दूर, त्याला काय कळणार होतं? दुसऱ्याचं शेत सात-बाऱ्यावर चढवून घेणारे लोक असतात, तसाच मी. गावात गुरुजी म्हणून नमस्कार घेत फिरतो.

आणि आता त्या भल्या माणसाच्या नावावर ढकललं. त्याच्या बायकोसमोर कसा उभा राहू?

९ मे

आणखी एक! पोलीस चौकशी. जमादार सायकलवर आला, घामाने निथळत. मी शाळेच्या कामाने आंधळगावला. घरी कोणी नाही म्हणून त्याने शेजारी बायजाबाईला विचारलं — ही पोरगी कोणाची? ती म्हणाली, "पुंडलिकगुरुजीची. दुसऱ्या कोनाची राहीन?" मग पारावर विचारलं, गिरणीत विचारलं. सगळीकडे तेच.

मी परत आलो तो जमादार ओसरीवर ताक पीत बसलेला. कागद दाखवून म्हणाला, "गुरुजी, साऱ्या गावाची जबानी एक अन् तुमचा स्टॅम्पपेपर एक. मी काय लिवू? तीन दिवसांनी येतो. काय ते ठरवून ठेवा."

१० मे

आज दारोदार फिरलो. ह्या वयात! लोकांना सांगत — जमादार आला तर सांगा, ती सुखरामची मुलगी आहे, माझी नाही. कोणी हसलं. कोणाला वाटलं, माझं मंदाशी भांडण झालंय. गिरणीवाला समजावायला लागला, "जाऊ द्या गुरुजी, लेकरावर एवढा राग बरा नाही."

बायजाबाईने सगळं ऐकून घेतलं. मोहफुलं वाळत घातली होती, ती हाताने पसरवत राहिली. मग म्हणाली, "तिले गोवर निंगाला तवा एकवीस दिवस कोन बसलं होतं उशाशी? सुखराम बसला होता का?"

"बाई, तसं नाही —"

"मी सांगतो जमादाराले, तुमी म्हन्ता त. पन तुमी मले सांगा, मंग तुमी कोन हो तिचे?"

घरी आलो. मारोतरावांचं घर वाटेत होतं. आत गेलो नाही.

१२ मे

जमादार आला, सगळ्यांनी बरोबर सांगितलं. माझी शिकवणी इतकी चांगली कधी झाली नव्हती.

२० जून

पासपोर्ट आला. जुनाही परत पाठवलाय, रद्दचा शिक्का मारून, कोपरा कापून. नव्यात मंदाचा फोटो साडीतला, नजर सरळ. खाली तिची सही. वडील: सुखराम. सगळं कसं नीट.

मंदा आत गोदावरीला सांगत होती, "आई, बाबाले लिहा लागते, पासपोर्ट आला म्हनून." मी ओसरीवरून म्हटलं, "मले कायले लिहा लागते? मी हा काय बसलो!"

आत दोघी गप्प झाल्या. मग कळलं.

आजवर 'तिकडचे बाबा' म्हणायची. तिकडचे गळलं.

२ जुलै

सुखरामच्या कंपनीने तिकीट पाठवलं. वीस तारखेला मुंबईहून विमान. चार महिन्यांत येईन म्हणते. सुखरामही 'दोन वर्षांत येतो' म्हणाला होता.

११ जुलै

शेतात धानाचे रोवणे सुरू आहेत, बाया मिळत नाहीत, आणि ही मागची खोली उपसत बसलीय! धानाची पोती बाहेर काढायला लावली, जमीन सारवली, खिडकीची मोडकी फळी ठोकून घेतली. कशाला म्हणून विचारलं तर, "असंच. कोंदट झाली होती." जायच्या आधी बाईमाणसाला घर आवरावंसं वाटतं. गोदावरी पण माहेरी जाताना असंच करायची. उंबरठा उंच आहे म्हणाली, सुताराला बोलावून तोही काढून टाकला. आता पावसाचं पाणी आत येईल त्याचं काय? तिची इच्छा.

१७ जुलै

वरठी स्टेशन. गाडी पाऊण तास लेट. मुंबईपर्यंत गोदावरीचा भाऊ सोमाजी सोबत गेला. मी जायला पाहिजे होतं. नाही झालं माझ्याच्याने.

गोदावरी शिदोरी बांधून देत होती तेवढ्यात मंदाला बाजूला घेतलं. म्हटलं, "मंदा, शाळेतलं ते नाव. ती मारोतरावांची चूक नव्हती. मी लिहिलं. जाणूनबुजून."

"मले माहीत हाये," ती म्हणाली. "मी टेबलापाशीच त उभी होती. तुमी लिवलं अन् हासले."

मी हसलो होतो? आठवत नाही.

पुढे काही बोलणार तर गाडी आली. वाकून पाया पडली, डब्यात चढली. खिडकी भलत्याच बाजूला आली. तिचा हातसुद्धा नीट दिसला नाही. गोदावरी रडली. मी सायकल स्टँडचं तिकीट शोधत होतो. आम्ही एस.टी.ने आलो होतो!

१९ जुलै

मारोतरावांच्या बायकोकडे गेलो. सगळं सांगितलं. म्हातारी म्हणाली, "त्यायले त अक्षरच काढता येत नव्हतं गुरुजी, कोन खरं मानंन?" आणि चहा दिला.

३ ऑगस्ट

पत्र नाही.

१८ ऑगस्ट

पत्र आलं. 'ती. आईस' म्हणून. सुखरूप पोचली. तिथे आता थंडी आहे. 'त्यांची जखम भरली, ते कुबड्यांवर अंगणापर्यंत जातात, त्यांना तिखट चालत नाही.' दोन पानं, सगळीकडे ते, त्यांना, त्यांचं. परत येण्याविषयी एक अक्षर नाही. शेवटी 'सर्वांना नमस्कार'. सर्वांमध्ये मी आलोच.

तीनदा वाचलं. बरोबरच आहे. बाप आहे तो. पाय गेलेल्या बापाला टाकून कशी येईल? आणि यावं तरी का? मी स्वतः सही करून दिलंय, शिक्क्यासकट.

५ सप्टेंबर

शाळेत पोरांनी फुलं दिली. घरी येऊन झोपलो. गोदावरी म्हणाली, अंगात कणकण आहे का? नाही. नुसता कंटाळा.

जुना पासपोर्ट पेटीतून काढला, कापलेल्या कोपऱ्यावर बोट फिरवलं, ठेवून दिला.

१३ सप्टेंबर

मागच्या खोलीत पाणी शिरलं. सांगत होतो! आता परत पोती टाकावी म्हणतो तिथे. उद्या.

१४ सप्टेंबर

दुपारी पोस्टमन तार घेऊन आला. अक्षरं इंग्रजी, बोली आपली. 'काकाले घेऊन निघाली. मंदा.'

गोदावरी हातातलं सूप खाली ठेवून विचारते, "कोन काका वो?"

म्हटलं, "माझा लहान भाऊ."