तृप्तीच्या कपाळीचा अंगारा

चि. विनोद यास आशीर्वाद.

तुझ्या लेकीला, तृप्तीला, घेऊन मी सकाळच्या गाडीने तुतिकोरिनला निघालो आहे. पतंगाच्या ओढीने समुद्रावर फळी चालवण्याची विद्या ती तेथे शिकेल.

"बाबा, पोरीले आपल्या हातानं समुद्रात ढकलून राहिले तुम्ही!" असे तू काल म्हणालास. तर ऐक. आधी वाळूवर लहान पतंग आवरायचा. संकटात पतंग सोडवणारी कळ डोळे मिटून ओढता आल्यावाचून पाण्यात उतरणे नाही. वारा किनाऱ्याकडून समुद्राकडे वाहत असेल, त्या दिवशी मीच तिला उतरू देणार नाही. अंगात जीवरक्षक जाकीट आणि मस्तकी शिरस्त्राण राहील.

तू मात्र दरवर्षी पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीत सावरगावकर भिरकावतात त्या दगडांपुढे उघड्या डोक्याने उभा राहतोस. गोटमारीचे टाके तुझ्या कपाळावर आहेत. तरी चंडीमातेचा अंगारा लावून मीच तुला धाडत आलो, कधी अडवले नाही. आज तोच अंगारा तिच्या कपाळी लावला आहे.

सूनबाईंना बोल लावू नकोस; निर्णय माझा आहे.

पोळ्याआधी परतू. गोटमारीला जाताना तिचे शिरस्त्राण मागून घे. ती नाही म्हणणार नाही.

— बाबा