पाठमोऱ्या नटाची निरवानिरव

मी, खाली सही करणारा, वय वर्षे चौऱ्याहत्तर, धंदा नटाचा (चालला तेवढा), पूर्ण शुद्धीवर आणि कोणाच्याही दडपणाखाली न येता ही व्यवस्था लिहून ठेवतो. शुद्धीबद्दल डॉक्टरांचा दाखला जोडला आहे; अभिनयाबद्दल तसा कोणी कधी दिला नाही.

कलम १. राहते घर व बँकेतली शिल्लक पत्नीस. मेकअपची पेटी मुलीस.

कलम २. धाकट्या भावाने नेलेली शिडी त्याच्याकडेच राहावी. मागून मागून मी थकलो.

कलम ३. माळ्यावरचा पत्र्याचा डबा. याबद्दल जरा सविस्तर लिहिणे भाग आहे. ऐन तरुणपणी नाटक सोडून मी मित्रांच्या सिनेमात पहिले काम केले. निर्माता नव्हताच. वर्गणी काढून फिल्म आणली होती आणि शूटिंग दिग्दर्शकाच्या मावशीच्या स्वयंपाकघरात चाले. मावशीला चहा करायचा असला की थांबे. बाप गेल्याची बातमी ऐकून रडणे, हा माझा मोठा प्रसंग. संकलन करणाऱ्या मुलीने तो साफ कापला. उरलो तो कपबशा विसळणारा पाठमोरा मी. पुढे तिच्याशीच लग्न केले, पण मनातली अढी गेली नाही. मोठी कामे मिळाली नाहीत त्याचे खापरही मी तिच्या कात्रीवरच फोडत आलो.

परवा भाच्याने डबा उघडून त्यातला तो कापलेला तुकडा घरच्या जुन्या प्रोजेक्टरवर लावला. बातमी आणणारा माझ्या मागे दारात उभा, आणि मी त्याला सोडून थेट कॅमेऱ्याकडे तोंड करून, शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असा टाहो फोडतोय. प्रेक्षकांना पाठ दाखवायची नाही, ही नाटकातली शिस्त अंगात मुरलेली!

इतकी वर्षे बोलली का नाहीस, असे मी हिला विचारले.

"तू रागावलेला परवडत होतास," ही म्हणाली. "तुझं हसं झालेलं मला चाललं नसतं."

मग पुरा सिनेमा पाहिला. नळ चालू आहे, हातातली बशी थांबते, आणि नुसत्या पाठीवरून बाप गेल्याचे कळते. काम चांगले झाले आहे. छातीवरचा धोंडा उतरला.

सबब डबा पत्नीस; तिने ठेवावा वा फेकावा. भाच्याने तो तुकडा कोठेही दाखवू नये. त्याला प्रोजेक्टर द्यावा.

कलम ४. माझा फोटो लावायचाच तर पाठमोरा लावावा.

साक्षीदार: शेजारचे निवृत्त प्रोजेक्टरचालक (सही), आमचे डॉक्टर (सही, नेहमीप्रमाणे अवाचनीय).

स्थळ: आमचे स्वयंपाकघर. दिनांक: ९ मार्च.

ता. क. पत्नी लाभार्थी असल्याने साक्षीदार होऊ शकत नाही. मात्र मूळ मसुदा बराच लांब होता, तो तिने कापला आहे. काय गेले ते मी विचारलेले नाही.