चौदा नंबरची खाट

३ मार्च, मंगळवार

आज हिला घरी सोडणार होते. नाही सोडलं. थोरल्या लेकीने अंथरूण घालून ठेवलं होतं, शेजाऱ्यांची गाडी सांगून ठेवली होती. सिस्टर म्हणाल्या, "थांबवलंय त्यांना. अजून आठ दिवस." का? "मोठ्या डॉक्टरांना विचारा."

बारा दिवस झाले हिला आणून. हृदयाची एक झडप अरुंद झाली आहे. पण गोळ्यांनी धाप उतरली, पायांची सूज गेली. मग आता काय राहिलं? मनात नाही नाही ते येतं. देवाला हात जोडले. तेवढंच हातात आहे.

५ मार्च, गुरुवार

कारण कळलं — आणि कुठे, तर आमच्या धुलाई खात्यात.

बावीस वर्षं मी या रुग्णालयाच्या चादरी धुतो. विद्यापीठाच्या परीक्षा आल्या की वरून चिठ्ठी येते: अमुक अमुक खाटांना कोऱ्या चादरी. त्या खाटांवरची माणसं तपासून दाखवली की पोरं डॉक्टर होतात. बाहेरगावचे परीक्षक येणार, त्यांना डाग दिसायला नकोत. आजच्या चिठ्ठीत पाच आकडे होते. तिसरा चौदा. चौदावर ही आहे.

इस्त्रीवाला माझ्या खांद्यावरून वाचत होता. म्हणाला, "वा, वहिनी परीक्षेला बसल्या की!" मी बघितलं त्याच्याकडे. मग गुपचूप इस्त्री फिरवत राहिला.

म्हणजे बरं झालेलं माणूस केवळ परीक्षेसाठी डांबून ठेवायचं! दारातच रुग्णालय चालवणाऱ्या मंडळाची पाटी आहे — रुग्णसेवा, अध्यापन, संशोधन. रुग्णसेवा पहिली लिहिली आहे. रंगवणाऱ्याला कोणी सांगितलं नसेल, नुसती लिहायची आहे म्हणून.

६ मार्च, शुक्रवार

जेवणाच्या सुट्टीत चादरींची गाडी घेऊन तिच्या वॉर्डात गेलो. खाटेभोवती सहा-सात विद्यार्थी. एकेक जण हिच्या छातीला नळी लावतो, डोळे मिटतो, मान डोलावतो. शिकवणारा डॉक्टर पोरसवदाच. म्हणाला, "नीट ऐका. इतका स्पष्ट आवाज वर्षातून एखादाच मिळतो." चष्मेवाली मुलगी म्हणाली, "किती छान!"

छान. माझ्या बायकोचं हृदय बिघडलंय आणि यांना छान वाटतंय. मी पडद्याबाहेर उभा. गाडीचा दांडा आवळून धरला होता, एवढंच आठवतं.

गावच्या शाळेत साहेब तपासणीला यायचे तेव्हा मास्तर हुशार पोरांना पुढे बसवायचे, मला मागच्या भिंतीला. इथे उलट. जो जास्त बिघडलेला, तो पुढे. वाईट दोन्हीकडे सारखंच वाटतं.

ते गेल्यावर हिला विचारलं, फार छळतात का? "नाही हो. बिचारी किती विचारतात, किती लिहून घेतात." बिचारी म्हणे! उद्या कोणी घर लुटलं तरी ही त्याला आधी पाणी विचारेल.

८ मार्च, रविवार

थोरली चिडली. "बाबा, तुम्ही तिथलेच ना? मग बोला की. चादर फाटली तर तासभर भांडता."

खरं आहे. चादरीसाठी जीभ सुटते. मोठ्या डॉक्टरांपुढे मात्र टाळूला चिकटते. बावीस वर्षं मान खाली घालून पगार घेतला, त्याची सवय झाली आहे. आज प्रार्थनेत दुसरं काही मागितलं नाही. उद्या तोंडातून शब्द फुटू दे, एवढंच.

९ मार्च, सोमवार

फुटला.

मोठे डॉक्टर खोलीत एकटेच होते. मी दारातूनच म्हणालो, "साहेब, चौदा नंबर माझी बायको आहे. ती माणूस आहे, फळा नाही. लिहा आणि पुसा, हे चालणार नाही." आवाज चढला होता, बाहेरचा शिपाई आत डोकावला. डॉक्टर म्हणाले, "तुम्ही खालच्या धुलाईतले ना? बसा." बसलो नाही. म्हणालो, तिला घरी सोडण्याचा कागद हवा, आज, आत्ता.

त्यांनी वादच घातला नाही. सही केली, कागद पुढे सरकवला. "न्या. पण आधी त्यांच्याशी बोलून घ्या." आता सल्ले! बरं झालेल्या बाईला घरी न्यायला तिच्याशी काय बोलायचं?

तीन मजले उतरलो. पाय जमिनीला लागत नव्हते. आयुष्यात पहिल्यांदा कोणापुढे ताठ उभा राहिलो होतो.

१० मार्च, मंगळवार

ही आली नाही. काल कागद दाखवला, तर घडी घालून मला परत दिला. म्हणाली, "त्यांनी विचारलं होतं, थांबाल का. मीच हो म्हटलं. परीक्षा होऊ द्या, मग येते."

मी म्हणालो, अगं, का पण?

"सहा वर्षं जिना चढताना मला धाप लागते. आडवं झालं की जीव कोंडतो, तीन उशा घेऊन झोपते. या पोरांनी विचारलं. कधीपासून, कितव्या पायरीला, उशा किती — सगळं लिहून घेतलं. एवढं कोणी विचारलंच नव्हतं. तुम्हाला तर मी आपण होऊन दोनदा सांगितलं होतं."

काल दुपारपासून आठवून बघतो आहे. एकदाचंही आठवत नाही.