पाच फूट दहा इंच

२ जुलै ८५, सावदा

उद्याच्या पालकसभेची सुरुवात सुचली. "सावद्यातल्या आयांनो, तुम्ही आणि मी, आपण सगळ्यांनी दहाव्या-अकराव्या वर्षी पळणं सोडलं. सोडलं नाही, आपल्याकडून सोडवून घेतलं. परकर लांब झाला आणि पाऊल आखूड झालं." चालेल. टाळ्या येतील. टाळ्यांनंतर काय म्हणायचं, ते अजून सुचलेलं नाही.

मुलींच्या मैदानावर परत केळीच्या बैलगाड्या सोडल्यात. मुख्याध्यापकांना तिसऱ्यांदा सांगितलं. म्हणाले, "बाई, तुम्ही इतिहास शिकवा ना." पी.टी.चं पद चार वर्षं रिकामं, म्हणून यांनीच व्हॉलीबॉल माझ्या गळ्यात घातलं. आणि आता इतिहास शिकवा!

९ जुलै

चीनचं मासिक आलं. पेकिंगहून हिंदीत निघतं. गावात दोघंच वाचतो, पोस्टमन आणि मी. पोस्टमन आधी.

या अंकात त्यांच्या आठ नंबरवर चार पानं. तिचं नाव दर खेपेला वेगळं छापतात, म्हणून माझ्यासाठी ती आठ नंबरच. दिल्लीच्या एशियाडला हिला सरावात पाहिलं होतं. उंची सहा फूट. तिने चेंडू मारला की तो आवाज माझ्या छातीत. बोरीवरून बोरं पाडावीत तसे चेंडू मारत होती, न थांबता, तासभर. त्या दिवशी स्वतःशी म्हटलं, खान्देशात एक, फक्त एक, अशी उभी करीन.

आज छापलंय: खेड्यातली. आईबाप भातशेतीवर. बाराव्या वर्षी शाळेत प्रशिक्षक आला, हाताची वीत मोजली आणि घेऊन गेला. पुढे जगज्जेती.

प्रार्थनेनंतर सिंधूला भिंतीला टेकवून खडूने खूण केली. पाच फूट दहा. बारावीत आहे, सतरा पूर्ण. वडील रघुनाथनाना, स्टेशनवर केळीच्या वॅगन भरणाऱ्या टोळीचे मुकादम, मूळचे साक्रीकडचे. ते स्वतःही ताडासारखे.

"बाई, अजून वाढेन का हो?" असं तिने विचारलं. मी म्हटलं, "वाढ की!" तिचा चेहरा पडला. तेव्हा मला काही कळलं नाही. लिहिताना आठवलं एवढंच.

२२ ऑगस्ट, जळगाव

जिल्हा जिंकलो. जिंकलो!! अंतिम सामन्यात तिसऱ्या सेटला सिंधूने एकटीने सलग सात गुण मारले. शमीमने चेंडू उचलून द्यायचा आणि सिंधूने वरच्या वर हाणायचा. पिंजाऱ्याची ही पोर बोटांनी चेंडू असा उचलते जसा कापूस. समोरच्या मुली नेटपासून मागे सरकायला लागल्या तेव्हा शमीम मोठ्याने म्हणाली, "डरो मत, वो सिर्फ गेंद को मारती है!" पंचसुद्धा हसले.

निवड समितीचे एक गृहस्थ वही घेऊन बसले होते. दोनदा सिंधूचं नाव विचारलं.

परतीच्या एसटीत सगळ्या गात होत्या. सिंधू खिडकीशी बसलेली. उद्या घरी पाहुणे आहेत म्हणाली. मी ऐकलं आणि विसरले. मी मनात लेख लिहीत होते.

३० ऑगस्ट

लेख छापून आला. जळगावच्या पेपरात, पान तीन, फोटोसह. मथळा माझाच: 'पाच फूट दहा इंच: सावद्याची आठ नंबर'. चिनी प्रशिक्षक खेड्यापाड्यांतून उंच मुली हुडकतात, आणि आपण उंच मुलीला लाजायला शिकवतो, असा रोख. शेवटचा परिच्छेद चांगलाच पेटलाय. दोन वेळा वाचला. (तीन.)

मु.अ. स्वतः टेबलाशी आले. "लेखणी आहे बाई तुमच्याकडे."

३ सप्टेंबर

शमीम मधल्या सुटीत आली. "बाई, सिंधू नाही येणार आता. तिचं मोडलं."

काय मोडलं? लग्न.

हळूहळू सगळं काढून घेतलं. २३ तारखेचे पाहुणे म्हणजे पिंपळनेरची सोयरीक. मुलगा पाच फूट पाच. पाहायला मुलाची मावशी आली होती. नानांनी उंची पाच-चार सांगितलेली. मुलीला आधीपासून पाटावर बसवून ठेवलं, चहासुद्धा बसूनच दिला. शेवटी पाया पडायला उभी राहिली तेव्हा साडीच्या आत गुडघे वाकवून. मावशीला पसंत पडली. सुपारी फोडायची तिथीसुद्धा धरली होती. मग तिकडे कुणीतरी पेपर नेऊन दाखवला.

काल मावशी परत आली. पिशवीत सुतळी, मुलाच्या उंचीइतकी कापलेली. सिंधूला दाराच्या चौकटीत सरळ उभी केली आणि सुतळी लावली. सुतळी कानाखालीच संपली. मावशी म्हणाली, "पोर गुनी शे. पन बठ्ठं गाव हाशी." सगळं गाव हसेल, एवढंच कारण. आणि चहा न घेता गेली.

मी शमीमला विचारलं, सिंधू रडली का? "नाही. आधी हसली. म्हणाली, गुडघे वाकवायला बाईंनीच शिकवलं. सर्व्हिस घ्यायची पोझिशन. पंधरा मिनिटं हलले नाही."



५ सप्टेंबर

नानांकडे गेले. ओसरीवर बसवलं, पाणी दिलं. ओरडतील म्हणून तयारीने गेले होते, चार मुद्दे होते माझे. ओरडलेच नाहीत.

"बाई, तुम्ही हुशार शेतस. पन आम्हनी पोरनं माप बठ्ठा खान्देशले सांगी दिन्हं."

मी म्हटलं, खोटी उंची सांगून किती दिवस निभावलं असतं, नाना?

"लगीन व्हयेपर्यंत. मंग कोन मोजस?"

पाण्याचा पेला उचलला. इतिहासात एम.ए. आहे मी.

उठताना ते म्हणाले, "उड्या मारी मारी पोर वाढनी. आते बंद."

१२ सप्टेंबर

आज फैजपूरच्या डॉक्टरांना घेऊन गेले. ओळखीचे, भले माणूस. त्यांनी हाडांचं चित्र काढून समजावलं, उड्या मारून उंची वाढत नाही, ती बापाकडून येते. नाना चित्र बघत राहिले. मग विचारलं, "डॉक्टरसाहेब, तुम्हले पोरी किती?" एकही नाही, दोन मुलगेच. नानांनी चित्राची घडी घालून परत दिली.

आत सिंधू भाकरी थापत होती. चुलीपुढे बसलेली सगळ्या मुलींसारखीच दिसते. बाहेर आली नाही.

२६ सप्टेंबर

नवा अंक. आठ नंबरच्या लग्नाचा फोटो! मिळाला पुरावा. तडक स्टेशनवर गेले. नाना वॅगनशी उभे, केळीचे घड एका हातातून दुसऱ्या हातात आत चाललेले. म्हटलं, बघा नाना, सहा फूट मुलगी, जगज्जेती, आणि लग्न झालं की नाही?

त्यांनी हात धोतराला पुसले, मासिक लांब धरून पाहिलं. "हिना नवरा कोन शे?"

बास्केटबॉल खेळतो.

"उंची?"

सहा फूट चार.

"हां." मासिक परत. "असा मानूस बठ्ठा चीनमा एकच व्हई. तो बी हिनीच ली लिधा."

टोळी हसली. मीसुद्धा हसले. मग लाज वाटली, मग पुन्हा हसू आलं. हा माणूस वाईट असता तर किती सोपं होतं. वाईट माणसांविरुद्ध बोलता येतं मला.

१७ नोव्हेंबर, धुळे

विभागीय सामने. पहिल्याच फेरीत बाहेर. शमीम चेंडू उचलून देत होती, तीच उचल, तीच उंची, आणि वर कुणी नाही. चेंडू वर जायचा, थांबल्यासारखा व्हायचा आणि आपल्याच बाजूला पडायचा. दुसऱ्या सेटला मी तिला ओरडले, कमी उंचीवर दे! ती म्हणाली, "हात ऐकत नाही, बाई."

संयोजकांनी भाषणाला उभं केलं. 'स्त्री आणि क्रीडा'. वीस मिनिटं बोलले. टाळ्या पडल्या. शमीम पहिल्या रांगेत होती, ती माझ्याकडे बघत नव्हती.

८ डिसेंबर

सिंधू घरी आली. तीन महिन्यांनी. मुक्ताईच्या दर्शनाला आईबरोबर एदलाबादला गेली होती, येताना आईला बाजारात सोडून इकडे. दारात नेहमीसारखी वाकली, चौकट लागते तिला.

चीनच्या अंकात बातमी होती: आठ नंबरचा गुडघा गेला, शस्त्रक्रिया झाली, निवृत्त. आता मुलींना शिकवणार. सिंधूने बसून सगळं वाचलं. फोटो पाहिले, पहिल्यापासूनचे सगळे, मी कापून ठेवलेले. मग म्हणाली,

"बाई, तिला कुणी विचारलं होतं का?"

काय?

"तो वीत मोजणारा आला तेव्हा. यायचं का, असं."

मी म्हटलं, अगं, किती मोठी खेळाडू झाली ती.

"हो, ते झालंच. विचारलं होतं का?"

शोधलं. ती गेल्यावर पुन्हा शोधलं, चारही पानं. लिहिलेलं नाही.

आणि मी लेख छापला तेव्हा—

११ जानेवारी ८६

राज्य संघाच्या शिबिराचं पत्र! जळगावला वहीवाले होते त्यांनी नाव धरलं. सबंध जिल्ह्यातून एकटी सिंधू. तीन आठवडे पुण्याला. फॉर्म ३१ तारखेच्या आत पोचायला हवा.

फॉर्मवर पालकाची सही. मु.अ.ना विचारलं. चष्मा पुसत म्हणाले, "अठरा पूर्ण असतील तर स्वतःची चालते." रजिस्टर काढलं. जन्म ६ जानेवारी. पाच दिवसांपूर्वी अठरा पूर्ण.

मु.अ. रजिस्टर मिटून म्हणाले, "बाई, मी तुम्हाला काहीच सांगितलं नाही." मी म्हटलं, बरं. आयुष्यात पहिल्यांदा आमचं एकमत.

१९ जानेवारी

शमीम फॉर्म घेऊन गेली आणि तसाच परत घेऊन आली. कोरा. "ठेव म्हणाली. नंतर बघू म्हणाली." आणि मग, ओढणीशी खेळत, "बाई, स्थळ आलंय."

साक्रीचं. पोलीस शिपाई. सहा फूट एक. त्याला बुटकी मुलगी नको, फोटोत कमरेला लागते म्हणतो. नाना आनंदाने वेडे झालेत. टोळीला पेढे वाटले. मुलाने पेपरातला माझा लेख कापून ठेवलाय म्हणे. उंचीची खातरी त्याच लेखाने पटली.

माझा लेख!

२४ जानेवारी

गेले. नानांनी आज पाटावर नाही, खुर्चीवर बसवलं. "बाई, तुम्हना उपकार शेतस." खरंच म्हणत होते. टोमणा असता तर घेतला असता.

शिबिराचं बोलले. तीनच आठवडे. लग्न फाल्गुनात आहे, शिबिर त्याआधी संपतं. नाना हात जोडून म्हणाले, "तठे पाय मोडना तं? आते नही, बाई. लगीन व्हऊ द्या, मंग तो जानो न ती जानो." त्यांची भीती खोटी म्हणवेना. आठ नंबरच्या गुडघ्याची बातमी माझ्याच पिशवीत होती.

सिंधू निरोप द्यायला कोपऱ्यापर्यंत आली. मुलगा कसा आहे, विचारलं. खाली बघून म्हणाली, "बरा आहे. बोलत नाही फार." मग म्हणाली, "बाई, त्याच्या शेजारी सरळ उभी राहिले. अख्ख्या घरादारासमोर. कुणीच काही म्हणालं नाही."

आणि शिबिर?

"माहीत नाही."

खेळावंसं वाटतं का?

"रोज. झोपेत हात उडतो, आई चिडते." मग घराकडे वळून पाहिलं. "पण तुम्ही विचारलं की हो म्हणावंसं वाटतं, नानांनी विचारलं की नाही म्हणावंसं वाटतं. मला कळत नाही बाई, माझं कोणतं."

मी तोंड उघडलं होतं. मिटलं. पालकसभेतल्या आयांना पटवता येतं मला, पाचशे माणसांना पटवता येतं. हिला पटवणं दोन मिनिटांचं काम होतं, आणि म्हणूनच करता आलं नाही.

२७ जानेवारी

पत्र लिहिलं, फाडलं. चार वेळा. पहिलं नऊ पानी. त्यात फ्रान्सची राज्यक्रांती होती, चीन होतं, सगळं होतं.

फॉर्म इथून उद्या दुपारच्या टपालाने गेला तरच वेळेत पोचतो. साक्रीच्या मुलाने शब्द मागे घेतला तर? लग्न मोडलं तर दोष माझा. नाही गेली तर तोही माझाच. शाळेतून येताना मैदानावर थांबले. गाड्या काढल्यात कुणीतरी. नेट लावून आले उगीच.

पाचवं पत्र शमीमबरोबर आत्ता पाठवलं. त्याची नक्कल:

सिंधू,
फॉर्म माझ्याकडे आहे. नानांची सही लागत नाही, तुझी लागते. मी तुला गेल्या वर्षी विचारायला हवं होतं, ते आज विचारते: जायचं का तुला? उद्या मी काही बोलणार नाही, समजावणार नाही. तू नाही म्हणालीस तर फॉर्म तुझ्यासमोर फाडीन आणि लग्नाला येईन. उद्या सकाळी सात वाजता मैदानावर ये, आणि हो की नाही, ते तुझ्या तोंडाने मला सांग.