सहीच्या वरचा मजकूर

प्रिय ताई,

सोमवारी सकाळी अकरा वाजता मला चौकशी समितीपुढे उभं राहायचं आहे. तिथे दोनपैकी एकच गोष्ट सांगता येईल: ते पत्र मी माझ्या मनाने लिहिलं, किंवा साहेबांनी सांगितलं म्हणून लिहिलं.  चार दिवस जिन्यात पावलं वाजली की मी दाराची कडी तपासतो, आणि येतो कोण, तर दूधवाला.

तुला साहेब ठाऊक आहेत ते मंत्री झाल्यावरचे, पोस्टरवर हात जोडलेले. मला आठवतात ते कापडदुकानाच्या वरच्या खोलीतले, लेखापाल होते तेव्हाचे. शाळा नववीत सुटलेल्या मला त्यांनी टायपिंगला बसवलं ते केवळ माझं शुद्धलेखन बघून. 'काना-मात्रा' हे माझं टोपणनावही त्यांनीच ठेवलं. सही करण्याआधी ते ओळीवर बोट ठेवून शेवटपर्यंत वाचत, आणि मजकुराखाली कोरी जागा उरली तर तिच्यावर तिरपी रेघ मारत, मागाहून कोणी शब्द घुसडू नये म्हणून. एवढा संशय कशाला, असं मी एकदा विचारलं, तर म्हणाले, अरे, कोरी जागा म्हणजे उघडं दार, आणि मी काय चोरांसाठी आरती घेऊन उभा राहू?

याच स्वभावावर ते निवडून आले. भर सभेत नगरपालिकेचा एकेक कागद वर धरून विचारायचे, हे वाचून सही केलीत की सही करून वाचलंत? लोक खुर्च्यांवर चढून टाळ्या वाजवायचे. मीही चढलो होतो. नगरसेवक, नगराध्यक्ष, मग मंत्री. मंत्री झाल्यावर दिवसाला दोनशे पत्रं येऊ लागली. सह्या गाडीत व्हायच्या, जिन्यात व्हायच्या. एक दिवस त्यांनी माझ्यापुढे पन्नास कोरी लेटरहेडं ठेवली, प्रत्येकाच्या तळाशी सही. म्हणाले, तू आहेस म्हणून निर्धास्त आहे रे. ताई, खरं सांगतो, मला अभिमान वाटला. सहीच्या वर दोन बोटं राखून मजकूर बसवण्यात मी पटाईत झालो.

नाट्यगृहाचं पत्र त्यातलंच. त्या दिवशी साहेबांच्या पित्ताशयाचं ऑपरेशन होतं. आत नेण्याआधी त्यांचा फोन आला: सज्जा तपासलाय, कार्यक्रमाला हरकत नाही, असं लिहून दे, लवकर. कोणी तपासला, ते मी विचारलं नाही. लिहिलं, आणि सवयीप्रमाणे खरी तारीख घातली. आठवड्याने सज्जा कोसळला. दारावर तिकिटं फाडणारी बाई अजून शुद्धीवर आलेली नाही. आता समिती विचारते आहे, भूल दिलेल्या माणसाने सही केली कशी?

काल साहेबांनी बोलावलं. दार स्वतः लावलं, पाणी स्वतः ओतून दिलं. त्याचीच मला जास्त भीती वाटली. म्हणाले, चूक तुझ्या हातून झाली असं सांग, सहा महिने गप्प बस, पुढचं मी बघतो. मी पेला उचलला. तेव्हा हसून म्हणाले, भाऊजी बरे आहेत ना तुझे? गाडी छान चालवतात हो माझी. ताई, तुम्ही राहता ती खोलीही साहेबांच्याच बंगल्यामागची आहे, हे त्यांना बोलून दाखवावं लागलं नाही. पेला मी न पिताच टेबलावर ठेवला.

माझ्यासारख्या अर्धशिक्षिताचं कोण ऐकणार, असं आधी वाटलं. पण उरलेले एकोणीस कोरे कागद माझ्याकडे आहेत, खाली सही असलेले. शर्टाच्या आत बांधून झोपतो. सोमवारी ते मी समितीच्या टेबलावर ठेवणार आहे.

फोन करून तुला आधी विचारावं, असं शंभरदा वाटलं. दोनदा नंबर लावून ठेवून दिला. तू 'नको रे' म्हणाली असतीस आणि मी थांबलो असतो, म्हणून विचारलं नाही. हे पत्र मुद्दाम साध्या टपालाने, शनिवारी पोस्टमन टपालपेटी उघडून गेल्यावर टाकतो आहे. तुझ्या हाती पडेल तोवर मी बोलून चुकलो असेन, आणि कदाचित तुमचं सामानही बाहेर आलं असेल. भाऊजींची नोकरी मी त्यांना न विचारता घालवली, हे त्यांना दुसऱ्या कुणाकडून कळू देऊ नकोस. तूच वाचून दाखव. मग दोघांनी मला हव्या तेवढ्या शिव्या द्या, पण मी दाराशी आलो तर मला आत घे.

तुझाच,
धाकटा