अर्जदाराने समक्ष हजर राहावे

अम्मान, १२ ऑक्टोबर २००८

ती. मिसबाहदादा यांस विदादचा सलाम, वि. वि.

तुझं पत्र आणि वहिनीने पाठवलेले वाळक्या दह्याचे गोळे बसवाल्याने सुखरूप पोचवले. गोळे असे दगडासारखे आहेत की पिशवी त्याच्या पायावर पडली असती तर आज तो आणि मी दोघं एका पायाचे झालो असतो. रागावू नकोस. पाय माझा गेलाय, तेव्हा विनोदही मीच करणार. हे फोनवर सांगता आलं असतं, पण तुझे कान गेल्यापासून मी इकडून ओरडते आणि माझ्या तब्येतीची बातमी तुझ्याआधी अख्ख्या गल्लीला कळते. त्यापेक्षा पत्र बरं.

शाळा सुरू झाली. साखरेच्या आजाराने गुडघ्याखालचा डावा पाय नेला त्याला आठ महिने झाले. इतक्या दिवसांनी पुन्हा वर्गात उभी राहिले. पहिली पाच मिनिटं मुली नव्या पायाकडेच बघत होत्या. मग मी मुद्दाम नकाशावर नाईल नदी उलटी वाहवली. एकजात सगळ्या ओरडल्या आणि पाय विसरल्या. दादा, त्या ओरडण्यासाठी मी अजून पाच वर्षं तरी शिकवणार आहे.

अडचण वेगळीच आहे. गाडी आपोआप गियर बदलणारी घेतली, तिला डावा पाय लागतच नाही. पण लावायची कुठे? शाळेच्या फाटकासमोर चाकाच्या खुर्चीचं चित्र काढलेली छान जागा आहे. तिथे लावली तर रहदारी पोलिसाने हटकलं. मी झगा वितभर वर करून पाय दाखवला. तो म्हणाला, बाई, पाय नाही हे मला दिसतंय, पण काचेवर कार्ड नाही हे त्याहून स्पष्ट दिसतंय. त्यामुळे गाडी खालच्या रस्त्याला लावते आणि बहात्तर पायऱ्या चढून वर येते. पहिला तास रोज बुडतो. आमच्या मुख्याध्यापिका इतिदालबाई परवा अत्यंत गोड आवाजात म्हणाल्या, की दुसऱ्या सत्राचं वेळापत्रक जानेवारीत ठरेल. तोवर वेळेवर येणं जमलं नाही तर उगीच जिवाला त्रास करून घेऊ नका, निरोप समारंभ आम्ही झोकात करू.

तुझी हयात सरकारी कचेऱ्यांत गेली. अपंगांच्या गाडीचं कार्ड कसं काढतात ते सविस्तर कळव. वहिनीला सलाम. धाकट्या बहिणीवरची माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी
विदाद


करक, १८ ऑक्टोबर २००८

चि. विदाद हीस मिसबाहचे अनेक आशीर्वाद.

पत्र वाचलं. तुझ्या वहिनीने निरोप समारंभाचा भाग दोनदा वाचायला लावला आणि इतिदालबाईंबद्दल जे काही म्हणाली, ते न ऐकू येण्याचं सुख मला लाभलं.

तू योग्य माणसाला विचारलंस. चौतीस वर्षं मी खिडकीच्या त्या बाजूला बसलोय. शिवाय निवृत्तीच्या बरंच आधी पूर्ण चार वर्षं परवान्यांच्याच खात्यात होतो. तिथली शिस्त, सांगायला संकोच वाटतो, पण मीच बसवली. तर नीट ऐक. प्रत्येक कागदाच्या तीन प्रती ने, ते दोन मागतील. टाचणी लावू नकोस, टाचणी काढताना कारकुनाचं बोट टोचलं की अर्ज खाली जातो. भारी कपडे घालू नकोस, फाटकेही नकोत. हसू नकोस, रडू तर मुळीच नकोस; रडणाऱ्या बायकांना ते उद्या बोलावतात. आणि मुख्य म्हणजे मध्यस्थ, दलाल, शेजाऱ्याचा मेहुणा असल्या कुणालाही न पाठवता स्वतः जा. नियम वाईट नसतो गं, लोकांना तो नीट वापरता येत नाही.

कार्ड मिळेलच. नाही मिळालं, तर करकला ये. वरची खोली रिकामी आहे. तुझ्या वहिनीला सोबत होईल आणि मला ओरडणारं माणूस मिळेल.

जपून राहा, आणि म्हाताऱ्या भावाला पत्राविना ठेवू नकोस.

मिसबाह


अम्मान, ३० ऑक्टोबर २००८

ती. मिसबाहदादा यांस सलाम, वि. वि.

तुझ्या सांगण्याबरहुकूम तीन प्रती नेल्या, टाचणी लावली नाही, हसले नाही. परवाना कचेरी तिसऱ्या मजल्यावर आहे. लिफ्ट आहे, पण तिच्यात जुन्या फायली भरून ठेवल्यात. म्हणजे फायली वर-खाली जाऊ शकतात, आपण नाही.

जिन्यावर माझ्यासारखे बरेच जण होते. एक शिंपी, लहानपणच्या पोलिओने दोन्ही पाय गेलेला. त्याचा भाऊ त्याला पाठीवर घेऊन चढत होता. दर महिन्याला येतात म्हणे, पण पाठीवरून आलेला माणूस समक्ष आला असं धरत नाहीत. पहिल्या मजल्यावर एक म्हातारी तीन महिन्यांपासून पोचलेली, म्हणजे दर वेळी तिथवरच पोचते. मी कठडा धरून, एक-एक पायरी बसत-उठत चढले. पन्नास मिनिटं लागली. नवा पाय जिथे टेकतो तिथे कातडं सोललं.

खिडकीत नस्री नावाचे गृहस्थ होते, अगदी अदबशीर. पाणी दिलं. अर्ज वाचला. मग विचारलं की आपण वर कशा आलात. म्हटलं, चढून. त्यांनी तेवढंच लिहून घेतलं: अर्जदार तीन मजले स्वतः चढून आली, सबब चालण्यास असमर्थ असल्याचे दिसून येत नाही. मी म्हटलं, आणि जो चढू शकत नाही त्याचं काय? तर म्हणाले, तो गैरहजर धरला जातो. मग कार्ड मिळतं कुणाला? नस्रीसाहेबांनी खरोखर विचार केला, आणि म्हणाले, की बाई, प्रश्न चांगला आहे, पण तो या खिडकीत येत नाही.

मी हटून बसले की असा नियम दाखवा. त्यांनी अभिमानाने भिंतीकडे बोट केलं. चौकटीत, काचेखाली, परिपत्रक क्रमांक चौदा, साल १९८८. अर्जदाराने खिडकीसमोर समक्ष हजर राहावे, कोणतीही सबब ऐकून घेतली जाणार नाही. खाली सही. शेवटचं अक्षर मासे पकडायच्या गळासारखं वळवलेलं.

दादा, लहानपणी माझ्या प्रगतिपुस्तकांवर पालक म्हणून आठ वर्षं तीच सही होती. मी ती अंधारातही ओळखीन.

आणखी काय लिहू.

विदाद


करक, ६ नोव्हेंबर २००८

चि. विदाद हीस आशीर्वाद.

तुझं पत्र मी वहिनीला दाखवलं नाही. तिने ते शोधून वाचलं, आणि दोन दिवस माझ्याशी खुणांनीसुद्धा बोलत नाही.

परिपत्रक माझं आहे. त्या वेळी काय चाललं होतं ते तरी समजून घे. एका कापड व्यापाऱ्याकडे तीन कार्डं होती, त्यातलं एक वारलेल्या आईच्या नावाचं. धडधाकट माणसं दलालाकरवी कार्डं घेऊन बाजारात हक्काने गाड्या लावत होती आणि खरे लंगडे उन्हात चालत होते. म्हणून मी लिहिलं की माणूस समोर दिसला पाहिजे. तेव्हा खिडकी तळमजल्यावर होती, विदाद. रस्त्यापासून एक पायरी. माझं वाक्य तळमजल्यावरच होतं. कचेरी वर गेली, तिने ते सोबत नेलं.

हे लिहून झाल्यावर वाचलं, तेव्हा मलाच ते नस्रीसाहेबांनी लिहिल्यासारखं वाटलं. खरं सांगायचं तर ‘कोणतीही सबब ऐकून घेतली जाणार नाही’ हे शब्द लिहिताना मला फार बरं वाटलं होतं. वाक्याला वजन आलं होतं. त्याबद्दल साहेबांनी शाबासकीही दिली होती.

मी आज कचेरीला रीतसर पत्र धाडलंय, की परिपत्रकाच्या कर्त्याच्या मते त्याचा अर्थ असा नाही. त्यांना ऐकावंच लागेल.

सोललेल्या जागेला औषध लाव. जमलं तर भावाला माफ कर, नाही जमलं तर निदान शिव्या तरी लिहून पाठव.

मिसबाह


अम्मान, २० नोव्हेंबर २००८

ती. दादा यांस सलाम, वि. वि.

तुझ्या पत्राला उत्तर आलं. त्यांच्याकडे तुझा अम्मानचा जुना पत्ता होता म्हणून माझ्याकडे आलं, उघडल्याबद्दल माफी. कळवतात की आपलं पत्र फाइलला लावलं आहे; मात्र कर्ता आपणच आहात याची खात्री पटण्यासाठी परिपत्रक क्रमांक चौदानुसार आपण खिडकीसमोर समक्ष हजर राहावे. दादा, मी इतकी हसले की शेजारीण धावत आली.

बाकी बातमी हसण्यासारखी नाही. मंगळवारी पावसात शाळेच्या पायऱ्यांवर पडले. हाड मोडलं नाही, पण वह्या ओल्या झाल्या आणि दोन मुलींनी मला बगलेत धरून वर नेलं. वर्गात कुणी नाईलबद्दल ओरडलं नाही. सगळ्या गप्प. ते गप्प बसणं मला पायाहून जास्त लागलं. इतिदालबाईंनी पहिला तास कवायतीच्या बाईंना देऊन टाकला.

तू शिव्या मागितल्या होत्यास. तेवढ्या येत नाहीत मला. एवढंच लिहिते: मी खोटी नाही हे दाखवायला मी तीन मजले चढले, आणि चढले म्हणून खोटी ठरले. करकची वरची खोली वरच आहे ना रे? तिथेही जिना असेल. नको.

वहिनीला म्हणावं, बोल आता त्याच्याशी.

विदाद


करक, ४ डिसेंबर २००८

चि. विदाद हीस अनेक आशीर्वाद.

तुला न कळवता परवा अम्मानला येऊन गेलो, तुझ्या दारावरून न थांबता. तोंड दाखवण्याजोगं काही हातात नव्हतं.

कचेरीत गेलो. माझे गुडघे तुला ठाऊक आहेत. सत्तरी ओलांडलेला माणूस, तीन मजल्यांना सव्वा तास. जिन्यात तुझा तो शिंपी भेटला. त्याच्या भावाने त्याला पायरीवर टेकवून मला अर्धा मजला हात दिला. मी कोण हे त्यांना सांगायला माझी जीभ रेटली नाही.

वर पोचून नस्रीसाहेबांना नाव सांगितलं. ते उभे राहिले, दोन्ही हातांनी माझा हात धरला आणि भिंतीवरचं परिपत्रक मला तोंडपाठ म्हणून दाखवलं. ऐकू आलं नाही, पण ओठांवरून माझं प्रत्येक अक्षर ओळखू आलं. मी म्हटलं, हे रद्द करा. ते म्हणाले (कागदावर लिहून), की निवृत्त माणसाला तो अधिकार नाही. मी भांडलो. बहिऱ्या माणसाचा भांडणात एक फायदा असतो, की समोरच्याचं म्हणणं आड येत नाही. तीन वाजले, कचेरी बंद करायची वेळ झाली. मी उठायला गेलो आणि गुडघे वळेनात. ढोंग नव्हतं, तुझी शपथ. खाली उतरणं शक्यच नव्हतं.

आता नागरिक कचेरीत आजारी पडला तर अर्जदारांना तपासणाऱ्या वैद्यकीय समितीच्या डॉक्टरने त्याला दारापर्यंत पोचवावे, असा नियम आहे. तोही माझाच. तेव्हा नस्रीसाहेब, आणखी एक कारकून आणि समितीचे डॉक्टर अशा तिघांनी मला खुर्चीसकट उचललं. दुसऱ्या मजल्यावर डॉक्टरांनी टाय सैल केला. पहिल्या मजल्यावर नस्रीसाहेबांनी खुर्ची ठेवली आणि भिंतीला टेकून उभे राहिले. ती म्हातारी तिथेच बसली होती. तिने त्यांना आपल्या बाटलीतलं पाणी दिलं. नस्रीसाहेब पाणी प्याले, वर बघितलं, खाली बघितलं आणि मग शिंप्याला पाठीवर घेऊन मागून उतरणाऱ्या त्याच्या भावाकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. तो माणूस चार वर्षं हेच करतोय, दर महिन्याला, एकटा.

तळमजल्यावर चहावाल्याच्या टपरीपाशी मला उतरवलं तेव्हा मी त्या सगळ्यांसमोर सांगून टाकलं की ते वाक्य माझं आहे. शिंपी काही बोलला. मला ऐकू आलं नाही आणि मी पुन्हा विचारलं नाही. डॉक्टर म्हणाले असावेत, की आता खाली आलोच आहोत तर. चहावाल्याने पेले बाजूला सारले. तिथे उभ्याउभ्या नऊ अर्ज तपासले गेले. शेवटी नस्रीसाहेबांनी माझ्या वहीत लिहिलं, की रविवारपासून एक टेबल जिन्याखाली मांडू. खिडकी म्हणजे खिडकीच पाहिजे असं परिपत्रकात कुठे स्पष्ट केलेलं नाही.

रविवारी जा. तिथे एकच पायरी आहे.

तुझा दोषी भाऊ
मिसबाह


अम्मान, ९ फेब्रुवारी २००९

ती. मिसबाहदादा यांस विदादचा सलाम, वि. वि.

कार्ड आलं! निळं, गुळगुळीत, वर माझा भयंकर फोटो. मुदत एक वर्षाची. पुढच्या वर्षी पुन्हा तपासणी, मधल्या काळात पाय उगवलेला नाही याची खात्री करायला. नस्रीसाहेबांनी जिन्याखालच्या टेबलावरून स्वतः हातात दिलं आणि तुझी तब्येत विचारली. त्यांची कंबर अजून दुखते.

काल दुसऱ्या सत्राचा पहिला दिवस. कार्ड वेळेत आलं म्हणून पहिला तास मला परत मिळाला होता. पावणेआठला फाटकाशी पोचले, तर चाकाच्या खुर्चीच्या चित्रावर एक पांढरी गाडी ऐसपैस उभी. इतिदालबाईंची. पाऊस होता, त्यांना भिजायचं नव्हतं. मी क्षणभर विचार केला, मग माझी गाडी त्यांच्या गाडीच्या पाठीला लावली, अगदी चिकटून; त्यांच्या पुढे भिंत. कार्ड काचेवर ठेवलं आणि वर्गात गेले.

सव्वाआठला निरोप आला की मुख्याध्यापिकांना शिक्षण खात्याच्या बैठकीला जायचं आहे, गाडी काढा. मी निरोप पाठवला की मला खाली यायला वीस मिनिटं आणि परत वर यायला अर्धा तास लागतो, इतक्या वेळात मुलींचं नुकसान होईल. दुसरा निरोप आला की किल्ली पाठवा. मी कळवलं की किल्ली ज्याला हवी त्यानेच समक्ष येऊन घ्यावी.

वर्ग दुसऱ्या मजल्यावर आहे. साडेआठला दारात इतिदालबाई, छातीवर हात, तोंडातून शब्द फुटत नव्हता. चौतीस मुली उभ्या राहिल्या. मी खुर्ची पुढे केली आणि म्हटलं, बसा बाई, दम खा, जिना वाईट आहे आपला. तास संपायला दहा मिनिटं आहेत.

त्या बसल्या, दादा. मी फळ्याकडे वळले आणि नदी समुद्रापर्यंत नेली.

शुक्रवारी गाडी घेऊन करकला येते आहे. दारासमोरची जागा मोकळी ठेव, आणि वहिनीला म्हणावं, पोटभर जेवायला घालायची तयारी असू दे. तुझ्यावरचा राग पुरता गेलेला नाही. उरलेला तिथे येऊन काढीन, तोवर मायेत खंड नको.

तुझी
विदाद